दादाला आऊट दिला

माझ्या आयुष्यातलं पहिलं पिच माझ्या आईनं शेणानं सारवलं. पुढं मी फार मोठ्या मैदानांवर उभा राहिलो. परदेशातून आलेल्या संघांच्या कसोट्यांत पांढरा कोट घालून पाच-पाच दिवस उन्हात काढले. तिथले माळी गुडघ्यावर बसून पिचला गोंजारताना पाहिले. पण आईसारखं पिच कोणाला जमलं नाही, हे मी कोणाच्याही तोंडावर सांगेन. लोक विचारतात, सुरुवात कुठं केलीत? मी सांगतो, खळ्यावर. ते हसतात, त्यांना वाटतं म्हातारा गंमत करतोय. मी चौथीपर्यंत शिकलेला माणूस, तीही पुरती नाही. मला गंमत करून लिहिता येत नाही. झालं तसं लिहितो.

आमचं गाव शहापुराच्या बाजूचं, पण अगदी कडेचं. नदी ओलांडली की मुरबाडचा मुलूख लागायचा. भाताची शेती, घरात आईबाप, थोरला दादा म्हणजे दामू, त्याची बायको आणि मी. दादा माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठा, अंगानं थोराड आणि तोंडानं कमी. वहिनी त्याच्या उलट. तिचं हसू आधी यायचं आणि मागून ती. भात कापून झालं की बा खळं घालायचा. जमीन खणून, पाणी मारून, चोपण्यानं ठोकून ठोकून अशी घट्ट करायची की टाच आपटली तरी खूण उठू नये. मग आई आणि वहिनी पदर खोचून ती सारवायच्या. मधोमध एक खांब पुरायचा, त्याला आमच्याकडे मेढ म्हणतात. झोडणी झाली की पेंढ्यावर त्या मेढीभोवती बैल फिरवायचे. खळ्यावर वहाणा घालून कोणी पाय ठेवायचा नाही, तिथं लक्ष्मी येऊन पडते. एकदा तालुक्याचा एक कारकून बूट घालून चढला, तर आईनं त्याला हातातलं शेण दाखवलं. तो तिथंच बूट काढून उभा राहिला.

त्या दिवसांतलं घर मला अजून कानानं आठवतं. पहाटे आई आणि वहिनी उखळात भात कांडायच्या, दोन मुसळं एकाआड एक पडायची. सुरुवातीला आवाज जाड असायचा, खस् खस् असा. टरफल सुटत आलं की तो बदलायचा, हलका आणि कोरडा व्हायचा. माळ्यावर घोंगडीत पडल्या पडल्या मी ओरडायचो, "आय, झाला गो!" आई म्हणायची, "पडून पडून तांदूळ वळखतंय, उठून पाणी आणायला नको याला." पण पाखडून बघितलं की तांदूळ खरंच झालेला असायचा. मग नव्या भाताचे पोहे व्हायचे, गूळ आणि ओलं खोबरं घालून, आणि ते खाऊन आम्ही जे शेतात पळायचो ते दुपारच्या भाकरीलाच परत. भाकर तांदळाची, वालाचं कालवण, सोबत तव्यावर परतलेली सुकट. हल्ली मुलगा मला मोठ्या हॉटेलात नेतो. जेवण चांगलं असतं, पण वासानं घर भरत नाही.

आता बॅटीची हकिगत. माझा मामा कसाऱ्याला रेल्वेत खलाशी होता. तिथल्या एका गार्डसाहेबाची बदली झाली तेव्हा त्यानं आपली जुनी बॅट मामाला देऊन टाकली. खरी विलायती, मुठीला दोरा गुंडाळलेली. तोवर आम्ही मोडक्या गाडीच्या फळीनं खेळायचो. मामानं बॅट बहिणीच्या गावाला म्हणजे आम्हाला आणून दिली. पण मामाची सासुरवाडी नदीपलीकडच्या धसईची. आठवड्यात त्याचे मेव्हणे त्याच्या दारात. "भाच्यांना बॅट आणि आमाला काय, बाबाजीची दाढी?" मामाच्या बायकोनं दोन दिवस चूल पेटवली नाही म्हणतात. शेवटी मामानं तोड काढली. दरसाल झोडणी उरकली की आमचं गाव आणि धसई यांनी एक मॅच खेळायची, एक साल आमच्याकडे, एक साल त्यांच्याकडे. जो जिंकेल त्याच्याकडे बॅट वर्षभर. हरेल त्यानं फळीनं खेळायचं. दोन तालुक्यांच्या त्या सगळ्या टापूत तशी बॅट दुसरी नव्हती. त्यामुळे त्या मॅचला आमच्यात लग्नाइतकी गर्दी व्हायची.

मॅच खळ्यावरच. मेढ उपटून खड्डा बुजवायचा, खळं दोन्ही बाजूंनी लांबवायचं, पुन्हा ठोकायचं, आणि आदल्या दिवशी आई सारवून द्यायची. सगळे अनवाणी. मी बोलर होतो, आणि चांगला होतो. हे मी नाही म्हणत, तेव्हाची माणसं म्हणायची. उंच, काटक, आणि त्या गुळगुळीत सारवणावर माझा चेंडू टप्पा पडला की सापासारखा सरकायचा. बॅट मात्र मला धरता यायची नाही, म्हणून अकरावा जायचो. आणि आमच्यात रीत अशी की ज्यांची बॅटिंग त्यांचेच अंपायर. म्हणजे जे शेवटी खेळायचे किंवा आऊट होऊन आलेले असायचे ते. अंपायरचं काम एकच, आपल्या माणसाला सांभाळायचं. दांडी उडाली, नाहीतर झेल उघड्या डोळ्यांनी सगळ्या गावाला दिसला, तरच आऊट. बाकी सगळं "नाय". त्यांनी तेच करायचं, आम्ही तेच करायचं. याला लबाडी कोणी म्हणत नव्हतं. दोन्ही पारडी सारखी राहायची, झालं. पुढं मी इंग्रजीतले नियम पाठ करून परीक्षा दिली, तेव्हा तिथल्या साहेबानं अंपायरचं पहिलं कर्तव्य विचारलं. माझ्या जिभेवर ते जुनंच उत्तर आलं होतं. मी ते गिळलं.

त्या साली मॅच आमच्याकडे होती आणि बॅटही आमच्याकडेच होती. धसईची बॅटिंग पहिली. त्यांचा म्होरक्या जैतू, दंड माझ्या मांडीएवढे, आणि तोंड त्याहून मोठं. सकाळी माझ्या चेंडूवर त्याची बॅट लागली, मागं झेल गेला, आमचे सगळे ओरडले, "हाउजॅट!" या शब्दाचा अर्थ कोणाला ठाऊक नव्हता, गार्डसाहेबाकडून आलेला होता तो, बॅटीबरोबर. त्यांच्या अंपायरनं शांतपणे विडी खाली केली आणि म्हणाला, "नाय." जैतू माझ्याकडे बघून हसला. चालायचंच. मीही तेच केलं असतं.

दुपारी आमची बॅटिंग आली. विकेटी पडत गेल्या, पण दादा उभा होता. दादा बॅटीनं भात झोडल्यासारखा मारायचा, दोन्ही हात डोक्यावर नेऊन. अकरा धावा उरल्या. जैतू बोलिंगला आला आणि मी त्याच्या बाजूला अंपायर. त्याचा एक चेंडू आखूड पडला, उसळला, दादा झोडायला गेला आणि चेंडू मागं त्यांच्या किपरच्या हातात. मला आवाज आला. टक्. हलका, कोरडा. त्यात मला शंका नव्हती आणि आजही नाही. सगळे धसईकर हात वर करून ओरडले. मी रीतीप्रमाणं इकडंतिकडं बघत उभा राहिलो. तेवढ्यात जैतू किपरला म्हणाला, "याला काय इचारतंस रे? खळ्यातली मेढ काढायची राह्यली हाय ती. मेढीला कान असतात काय?"

बांधावरचे सगळे हसले. आमचेही हसले, हे मला झोंबलं. पोरी हसल्या. मी बोट वर केलं.

आता इथं मला नीट लिहिलं पाहिजे, कारण या बोटावरून घरात साठ वर्षं वाद आहे. मी बोट वर केलं ते आवाज ऐकला म्हणून. रागानं आऊट दिला नाही. मात्र राग आला नसता तर बोट वर गेलं नसतं, हेही खरं आहे. ज्याला जे धरायचं ते त्यानं धरावं.

दादाला पहिल्यांदा कळलंच नाही. तो पुढच्या चेंडूसाठी बॅट आपटत होता. मग त्याला माझं बोट दिसलं.

"खाली घे," तो म्हणाला.

"नाय घेत."

"म्हाद्या, हात खाली घे सांगतोय."

"आऊट हायेस तू, दादा. लागला."

"माझ्या बॅटला लागला का नाय ता मला म्हाईत का तुला?"

"मला."

गावातली माणसं बांधावरून खाली उतरली. कोणी म्हणालं बॅट बघा, डाग असेल. बॅट बघितली तर तिच्यावर शंभर डाग, कुठला आजचा आणि कुठला मागल्या सालचा कोणाला सांगता येईना. कोणी म्हणालं, "सकाळी तुझ्याच बोलिंगवर त्यांनी नाय म्हटला, आणि तू तुझ्या भावाला घालवतंस? तुला धसईवाले जावई करून घेनार हायेत काय?" गाव खरं बोलत होतं. पारडं मीच मोडलं होतं. पण वर गेलेलं बोट मला खाली आणता येईना. शेवटी बा लांबून ओरडला, "दामू, भायेर ये. पाव्हण्यांम्होरं तमाशा नको." दादा निघाला. जाताना माझ्याकडे बघितलं नाही. पुढच्या दोन विकेटी तिथंच पडल्या, त्यातली एक माझी, आणि आम्ही दहा धावांनी हरलो.

रीतीप्रमाणं संध्याकाळचं जेवण आमच्याच ओटीवर, दोन्ही गावांचं. एका बाजूला धसईची पंगत, समोर आमची. मी आमच्या पंगतीत गेलो तर कोणी सरकेना. मांडीला मांडी लावून सगळे घट्ट बसलेले, समोर बघत. जैतूनं आपल्या शेजारी जागा केली. "ये रे मेढी, हितं बस. वयनी, याला दोन भाकरी जास्ती वाढा." मी तिकडे बसलो. काय करणार, भूक होती. आई वाढायला आली तेव्हा तिनं कालवणाचा पळा माझ्या पानात असा आपटला की वाल जैतूच्या मांडीवर गेले. वहिनी मात्र पाणी वाढताना वाकली आणि माझ्या कानात म्हणाली, "भावजी, चार वर्सं झाली लग्नाला, यांना गप करायला मला जमला नाय. तुमी एका बोटात केलात." आणि पदर तोंडात कोंबून आत पळाली. जेवण झाल्यावर बानं मला गोठ्याजवळ गाठलं. एवढंच विचारलं, "लागला व्हता?"

"व्हता."

"मग झाला," तो म्हणाला आणि गुरांना पेंढा टाकायला गेला. मला त्या दिवशी तेवढं पुरलं.

बॅट धसईला गेली आणि दादानं माझ्याशी बोलणं टाकलं. एक-दोन दिवस नाही, वर्षभर. एका घरात, एका नांगरावर, एका ताटाशेजारी. काम असलं की तो बैलाला सांगायचा. आमच्या बैलाचं नाव पाखऱ्या. "पाखऱ्या, त्या अंपायरला सांग, पेंढा संपलाय." मीही कमी नव्हतो. "पाखऱ्या, त्याला सांग, मला दिसतंय." बैल बिचारा दोघांकडे मान फिरवायचा. लावणीच्या दिवसांत चिखलात मी घसरून पडलो, तेव्हाही दादानं हात धरून वर काढलं आणि म्हणाला, "पाखऱ्या, बघून चाल म्हणावं." आई कंटाळली. म्हणाली, दोघांपेक्षा बैल शहाणा, तो तरी कोनाचा राग धरत नाय. गावातली पोरं पुन्हा फळीनं खेळायला लागली. फळीचा तो फट् फट् आवाज संध्याकाळी आला की सगळे माझ्याकडे बघायचे.

पण बाहेर भलतंच झालं. जैतूचं तोंड मोठं, त्यानं मुरबाडच्या बाजारात, तिकडून शहापुरात सगळीकडे सांगितलं की अमक्या गावात एक पोरगा हाय, सख्ख्या भावाला आऊट देतो. लोक बघायला यायचे मला. मग बोलवायला लागले. खर्डीला मॅच आहे, दोन्ही गावांना तुम्हीच चालाल. मी वीस-एकवीस वर्षांचा, आणि पांढऱ्या मिशीची माणसं मला "तुमी" म्हणायची. ते मला फार गोड लागलं, खोटं कशाला बोलू. कसाऱ्याला रेल्वेच्या माणसांत उभा राहिलो, तिथल्या एका साहेबानं मला नियमांचं छोटं इंग्रजी पुस्तक दिलं. मला वाचता येईना, पण ते मी सदऱ्याच्या खिशात ठेवायचो आणि वाद झाला की नुसतं बाहेर काढायचो. लगेच वाद मिटायचा.

दुसऱ्या साली मॅच धसईला होती. चार दिवस आधी मामा निरोप घेऊन आला. धसईचं म्हणणं, यंदा दोन्हीकडच्या बॅटिंगला अंपायर म्हादूच. एकटा. षटक संपलं की धावत दुसऱ्या टोकाला जायचं. सगळं गाव आमच्या ओटीवर जमलं आणि भडका उडाला. कारण उघड होतं. अंपायर झालो तर मी बोलिंग टाकू शकत नव्हतो.

"त्यांना अंपायर नको हाय," एक म्हातारा म्हणाला, "त्यांना याची बोलिंग नको हाय. जैतू काय खुळा नाय."

"आणि हा पुन्यांदा दामूला आऊट देईल ता वेगळाच."

बॅट घरी आणायची तर मला चेंडू टाकायला हवा होता, हे मलाही कळत होतं. एक वर्ष सगळ्यांच्या नजरा खाल्ल्या होत्या, जैतूची दांडी उडवून सगळं फेडता आलं असतं. आणि तरी मनात उभं राहायचंच होतं. ज्यांनी मला मेढ म्हटलं तेच बोलवत होते. त्याचा मोह जबर होता. मी खांबाला टेकून बसलेल्या दादाकडे बघितलं. तो आमचा कप्तान, निर्णय त्याचा. त्यानं तंबाखू मळली, तोंडात टाकली, आणि वर्षात पहिल्यांदा सरळ माझ्याकडे बघून बोलला.

"तुला उभा राह्याचाय?"

बैल गोठ्यात होता. उत्तर मलाच द्यायचं होतं.

"व्हय."

"मग राह्य. पर मला दिलास तसा जैतूला बी दे."

झालं. त्या दिवसापासून मी मॅचमध्ये चेंडू टाकला नाही. पुढं तीस वर्षं चेंडू हातात घेतला तो फक्त शिवण उसवली का बघायला. चांगला बोलर गेला, असं तेव्हाचे लोक म्हणायचे. मीही कधीकधी म्हणतो.

धसईला पोचलो तर त्यांनी खळं आमच्यापेक्षा लांब घातलेलं, सारवण मात्र जाड आणि भेगाळलेलं. आई नव्हती म्हणून बरं. पहिली बॅटिंग त्यांची. तिसऱ्याच षटकात जैतूच्या बॅटची कड घेऊन चेंडू मागं गेला, मला स्वच्छ ऐकू आलं, मी बोट वर केलं. जैतू तोंड उघडं टाकून उभा. मग त्याच्याच गावातून कोणीतरी ओरडलं, "जा की आता! तूच बोलावलास ना त्याला!" आमच्याकडचे बांधावर लोळून हसले. तरी माझ्याशिवाय आमची बोलिंग लुळीच होती. त्यांनी धावा चांगल्या केल्या. आमच्या विकेटी गेल्या वर्षीसारख्याच पडत गेल्या, आणि गेल्या वर्षीसारखाच दादा उरला. शेवटची जोडी, चार धावा हव्यात, जैतूची बोलिंग, आणि त्याच्या बाजूला मी.

चेंडू पुन्हा आखूड पडला. दादानं पुन्हा झोडलं. चेंडू मागं किपरच्या हातात. "हाउजॅट!" सगळी धसई ओरडली, झाडावरचे कावळे उडाले. मी ऐकलं होतं. म्हणजे काही ऐकलं नव्हतं. भेगाळलेल्या सारवणाचा खरखराट तेवढा आला, बाकी नाही. आमचे सगळे बांधावर उभे राहिलेले, छातीवर हात. दादा माझ्याकडे बघत होता. गेल्या वर्षी त्यानं बॅट आपटली होती, या वर्षी हलला नाही.

"नाय," मी म्हणालो.

मी वाट बघत होतो की आता माझी गचांडी धरतील. त्यांचं गाव, त्यांचं खळं, आणि फायदा झाला तो माझ्या भावाचा. पण कोणी बोललं नाही. किपरनं चेंडू जैतूकडे फेकला. जैतूनं तो धोतराला पुसला, माझ्या बाजूनं परत जाताना थांबला आणि आपल्या माणसांना म्हणाला, "त्यानं नाय म्हटला म्हंजे नाय. टाकतो पुढला." पुढं मी पुष्कळ मोठ्या लोकांची तोंडं माझ्या निर्णयावर वाकडी झालेली पाहिली. पेपरात माझ्यावर लिहून आलं. पण त्या दिवशी त्या खळ्यावर जशी शांतता होती तशी मला नंतर कोणी दिली नाही. पुढचा चेंडू दादानं नदीच्या बाजूला झोडला, तो परत आलाच नाही.

परतताना सगळे नाचत पुढं गेले. दादा बॅट खांद्यावर घेऊन माझ्याबरोबर मागं चालत होता. पाण्यात उतरल्यावर, धोतर वर धरून, खाली बघत म्हणाला, "म्हाद्या."

"काय?"

"मागल्या साली लागला नव्हता."

"लागला व्हता," मी म्हणालो.

"यंदा लागला."

मी पाण्यात मधोमध उभा राहिलो. दादा पुढं गेला, पलीकडच्या काठावर चढला आणि मागं वळून दात काढून हसायला लागला. इतका हसला की बॅट खाली पडली.

"नाय लागला!" मी पाण्यातून ओरडलो. "मी नाय म्हटलाय, दादा! नाय लागला!"